लोटन पेंटरचा घोडा अजून पाय उचलून उभा आहे

लोटन,

तुझा घोडा माझ्या टेबलावर आहे. पुढचा उजवा पाय उचललेला, मान मागे वळवलेली, शेपटी किंचित बाजूला. तुझ्या तेराव्याचं जेवण होऊन आज पाच दिवस झाले, तरी त्याने पाय खाली ठेवलेला नाही. ठेवणार कसा? तो कुठे ठेवायचा हे तुला ठाऊक होतं, आणि तू ते मला सांगितलं नाहीस.

सकाळी चहा झाला की मी टेबलाशी बसतो. काचेखालचा बल्ब लावतो, पेन्सिलीला टोक करतो आणि नुसता बसून राहतो. अकराच्या सुमारास उठतो. घरात विचारतात, आज काय केलं? मी म्हणतो, टोक केलं. आतापर्यंत तीन पेन्सिली अशाच संपल्या आहेत.

तुझ्यावर लिहायची वेळ माझ्यावर यावी, हा काही न्याय नाही. मी काय लिहिणार? नोकरीभर मोजणीच्या कचेरीत अनुरेखक होतो. दुसऱ्याने काढलेल्या नकाशावर पातळ कागद ठेवायचा आणि खालची रेघ वर उतरवायची. शेताचे बांध, नाले, विहिरी, गाडरस्ते, सगळं दुसऱ्याचं. तू मला यावरून किती चिडवलंस! "सुपडू, तुन्हा हात सोनाना शे, पन तो तुन्हा नही." मी हसण्यावारी न्यायचो. खरं सांगतो, ते मला लागायचं. कारण ते बरोबर होतं.

तू मात्र मनात येईल ते काढायचास. शहाद्यातल्या निम्म्या दुकानांच्या पाट्या तुझ्या. लोणखेड्यापासून कळसाडीपर्यंत कुणाच्याही घरी लग्न निघालं की भिंतीवरचे हत्ती, घोडे, केळीचे खांब तुझ्याच हातचे. मग फ्लेक्स आले आणि तुझे ब्रश डब्यात वाळून कडक झाले. तू तक्रार केली नाहीस. नुसता अंगणात बसून रस्त्यावरच्या ट्रॉल्या बघायचास. एक दिवस ऊस उतरवून परत चाललेली एक ट्रॉली तू थांबवलीस. तिच्या बाजूच्या पत्र्यावर तूच कधी काळी काढलेला पळता घोडा होता, रंग पार उडालेला. तू त्याच्याकडे बराच वेळ बघत राहिलास आणि मला म्हणालास, "हाऊ बिचारा इतला वरीस पळी ऱ्हायना. त्याले वाटस, ट्रॉली तोच वढी ऱ्हायना."

तिथून ते खूळ तुझ्या डोक्यात शिरलं. चित्रातली जनावरं, आणि आपण चित्रातली आहोत हे त्यांना माहीतच नाही. मी तेव्हा नुकताच रिटायर झालो होतो. मी म्हणालो, या वयात कार्टून काढणार का? तू म्हणालास, "मंग कोनता वयमा काढतस?"

काचेचं टेबल मी केलं, कचेरीत होतं तसं, खाली बल्ब. एकेक चित्राचा फोटो घ्यायला पोरीचा जुना मोबाईल लाकडाच्या चौकटीत उलटा टांगला. आपली कामाची वाटणीही ठरली. एका हालचालीचं पहिलं चित्र तू काढायचं आणि शेवटचं तू काढायचं. मधली सात माझी. तुझी दोन्ही चित्रं काचेवर एकावर एक ठेवली की पाय कुठून निघून कुठे पोचणार ते मला दिसायचं आणि मी त्याला एकेक केस पुढे सरकवायचो. यात मी पटाईत होतो, हे तूही मान्य करायचास. दोन टोकं दिलीस तर मधलं सगळं मी सांभाळीन, असं मी छाती ठोकून सांगायचो. एकच टोक हातात येईल, हे कुणाच्या ध्यानीमनी होतं?

पहिल्यांदा म्हैस काढली तेव्हाची गंमत आठवते का? ती नुसती उभी होती, म्हणून मी शहाणपणा करून एकच चित्र वापरलं. पडद्यावर ती मेल्यासारखी दिसली. तू म्हणालास, तेच चित्र सात वेळा गिरव आणि फिरव. मी गिरवलं, आणि म्हैस श्वास घ्यायला लागली! मला आनंद व्हायच्या ऐवजी राग आला. माझी रेघ इतकी हलते? कचेरीत माझ्या रेघेवर कुणी बोट ठेवलं नव्हतं. तू माझा हात धरलास आणि म्हणालास, "हालस ना, म्हनीसनच ती जित्ती शे." तुझा हात तेव्हा टर्पेंटाइनने खरखरीत झालेला होता. मला तो आत्ताही जाणवतो.

काय काय सुचायचं तुला! कोंबडा आपण काचेखालचा बल्ब लावला की आरवायचा, दिवसातून चार वेळा लावला तर चार वेळा. कागद उलटताना वारा यायचा, तर म्हैस म्हणायची, आमच्याकडे हवा फार. शेळी कागदाची चौकट खायची. घोड्याला सारंगखेड्याच्या बाजारात विकायला नेतात, दलाल वय बघायला त्याचा जबडा उघडतो, तर आत काहीच नाही, कोरं! कारण आपण दात काढलेलेच नव्हते. आणि घोडा ओशाळून म्हणतो, "काल तं व्हतात." त्याचा आवाज तुझाच. म्हशीचा माझा. घोड्याचं ते वाक्य तू अठरा वेळा म्हणालास आणि अठराही वेळा आपण दोघं हसून बाद केलं.

तुझा आवाज माझ्याकडे उरला आहे तो एवढाच, घोड्याचा. परवा तुझं स्वतःचं काही बोलणं सापडतंय का म्हणून मी मोबाईल खालीवर केला. नाही सापडलं. घोडा म्हणतो, काल तर होते. मी मोबाईल बंद करून ठेवला.

आता घोड्याच्या त्या केसांच्या भोवऱ्याचं बोलायला पाहिजे. टाळून चालणार नाही.

केळीच्या पॅकिंगच्या शेडमध्ये भर दुपारी ताडपत्र्या सोडून, चादरीवर आपण जमलेला भाग दाखवला तो दिवस. शेजारपाजारचे होते, धडगावकडून केळी कापायला आलेली माणसं होती. त्यातली एक बाई शेळीने चौकट खाल्ल्यावर काहीतरी बोलली आणि तिच्या सोबतचे सगळे हसले. त्यांच्यातल्या एकाने आपल्याला मराठीत सांगितलं, ती म्हणते, कुंपणच खाऊ दिलं, आता हिला बांधणार कशाला? तू खूश झालास. पहिल्यांदा कुणाला तरी नीट कळलं, असं म्हणालास. आणि तेवढ्यात कळसाडीचे हिरालाल बापू काठी आपटत उठले. ऐंशीच्या घरातले, जन्मभर घोडे पारखलेले.

"थांबाडा रे तो घोडा!"

आपण थांबवला. बापू चादरीच्या पार जवळ गेले. "डोयाखाले भोवरा. आसूढाळ शे हाऊ. असा घोडा कोनी दारशी बांधस का? मालकले खास नि घरले रडावस."

बायकांनी एकमेकींकडे बघितलं. वहिनी पुढच्याच ओळीत बसल्या होत्या. तू हात जोडून म्हणालास, "बापू, तो भोवरा मीच काढेल शे, मुद्दाम. हाऊ घोडा इकाले नही, दखाडाले शे." मग लोक हसले. मी मागे बाकावर मान खाली घालून बसलो होतो.

तो भोवरा तू काढला नव्हतास. मीही काढला नव्हता. हेच तुला सांगायचं राहिलं, लोटन.

घोड्याच्या अगदी पहिल्या चित्रावर तू पेनाची निब चालते का ते बघायला एक बारीक गिरकी मारली होतीस. ती नेमकी डोळ्याखाली पडली. नुसता डाग होता तो. दुसरा कुणी असता तर त्याने सोडून दिला असता. पण कचेरीत आम्हाला पहिल्या दिवशी शिकवतात की कागदावरची कुठलीही खूण गाळायची नाही. तो ठिपका विहीर असेल, हद्दीचा दगड असेल, दोन भाऊ त्यावरून कोर्टात उभे राहतील. ठरवणारे आपण कोण? म्हणून मी तो डाग सातही चित्रांत उतरवला. इमानाने उतरवला, केसांच्या वळणासकट. दोन-तीन दिवसांनी तुझ्या नजरेला तो पडला. तू कागद उजेडात धरलास, माझ्याकडे बघितलंस, आणि तुझा चेहरा असा काही फुलला की मी बघतच राहिलो. आणि पुढच्या चित्रापासून तूच तो भोवरा काढायला लागलास, दोन्ही टोकांना.

तुला वाटलं, सुपडूने जन्मात पहिल्यांदा स्वतःचं काहीतरी काढलं.

मी तुला खरं सांगणार होतो. त्या दिवशी सांगणार होतो, दुसऱ्या दिवशी सांगणार होतो. तोंड उघडलं नाही. बापूंच्या त्या प्रसंगानंतर तर मी हट्टच धरला की सगळ्या कागदांवरून तो खरवडून टाकू. दोनशेच्या वर कागद होते, तरी मी एकटा ब्लेडने खरवडायला तयार होतो. तू ऐकलं नाहीस. "आते तो त्याना शे. काढी लेवाना आपले काय हक?" म्हणालास. तुला वाटत होतं मी घाबरलो. मी घाबरलो नव्हतो, मला लाज वाटत होती.

आणि हाच मी तुझ्याशी खरेपणावरून भांडलो! बाजारातून न विकलेला परत आलेला घोडा शेवटी कागदाच्या काठाशी येतो. माझं म्हणणं, त्याने पाय काठाबाहेर कोऱ्यावर टाकावा आणि आपण चित्र आहोत हे त्याला कळावं. तुझं म्हणणं, नाही. "सांगीसन काय भलं व्हई त्यानं?" मी म्हणालो, खरं ते खरं, जनावराला फसवायचं नाही. आवाज चढले. मग मी ते बोललो. "तू ट्रॉल्या रंगाडस तेच बरं शे. खरं सांगानं तुन्हं काम नही." तू ब्रश पुसलास आणि आत गेलास. वहिनींनी चहा आणला होता, तो मी घेतला नाही.

नऊ दिवस मी तुझ्या दाराकडे फिरकलो नाही.

दहाव्या दिवशी शहाद्याच्या स्टँडवर नंदुरबारच्या गाडीत बसलो होतो, डोळे तपासायला निघालो होतो. गाडी सुटायला आलेली, आणि खिडकीवर टकटक झाली. तू. हातात गुंडाळलेला कागद, कपाळावर घाम. स्टँडभर गाड्या शोधत फिरला असणार. "हाई शेवटला सीननं पहिलं चितर. शेवटलं उद्या देसू. आधी डोया दखाडी ये." मी कागद घेतला, नुसती मान हलवली. गाडी हलली तेव्हा तू हात वर केला होतास. मी कागद उलगडत होतो, त्यामुळे मला तो नीट दिसलाही नाही.

उद्या उजाडला तेव्हा तू अंगणातल्या बाकावर ब्रश धुता धुता गेला होतास. टेबलावर दुसरं चित्र नव्हतं. मी सगळीकडे शोधलं, तुझं मयत घरात असताना मी तुझ्या गादीखाली हात घालून बघितलं. लोकांना काय वाटलं असेल ते वाटो. माझ्या हाती फक्त हे एक चित्र. मान घराकडे वळलेली, पाय काठाकडे उचललेला. माझं ऐकून पाय बाहेर टाकणार होतास, की तुझंच खरं करून त्याला घरी नेणार होतास? मी भिंग लावून बघतो. काही कळत नाही रे.

दोन दिवसांत तुझ्या घरात कुजबुज सुरू झाली. बापू बोलले होते, आसूढाळ. पेंटरने आपल्या हाताने घरात आणला. वहिनींचे थोरले भाऊ दहाव्याला सगळे कागद एका पोत्यात भरून प्रकाशा गावी, तापीच्या घाटावर घेऊन आले. म्हशी, कोंबडे, शेळ्या, सगळंच. घोडा कुठल्या कागदावर आहे आणि कुठल्या नाही, ते कोण बघत बसणार! मी घाटावरच होतो. एकच वाक्य बोलायला हवं होतं. तो भोवरा नाही, शाईचा डाग आहे, आणि तो मी वाढवला. एवढं बोललो असतो तर ते थांबले असते, निदान घटकाभर थांबले असते. माझ्या तोंडातून आवाज निघाला नाही. बायका रडत होत्या, वहिनी खाली मान घालून बसल्या होत्या, आणि मला भीती वाटली. एवढंच. मोठं काही कारण नाही.

पोतं उपडं केलं. तिथे बॅरेजमुळे तापीला ओढ नाही, हे त्यांच्या लक्षातच आलं नाही. कागद वाहून जाईनात. घाटाला लागूनच पसरले आणि तरंगत राहिले. दोनशे घोडे, शेळीचे चौकट खातानाचे नऊ कागद, आरवणारा कोंबडा. शाई हळूहळू पसरत होती. होडीवाल्याने वल्ह्याने त्यांना ढकललं, ते थोडे लांब गेले आणि पुन्हा काठाशी आले. त्यांना काय ठाऊक, पाण्यात आहोत ते! मला तिथेच रडू फुटलं. लोक म्हणाले, मित्रासाठी रडतोय. तुझ्यासाठीच रडत होतो, पण त्यांना वाटलं तसं नाही.

तेराव्यानंतर माझा जीव राहिना. काल दुपारी वहिनींकडे गेलो. तुझा बाक भिंतीला टेकवून उभा केला आहे. वहिनी धान्य पाखडत होत्या. मी समोर जमिनीवर बसलो आणि सगळं सांगून टाकलं. निब, डाग, कचेरीची सवय, शेडमध्ये तू माझं नाव न घेता अंगावर घेतलंस ते, घाटावर मी गप्प बसलो ते. म्हणालो, वहिनी, आसूढाळ म्हणायचाच असेल तर तो माझ्या हातचा. लोटनला कुणाला बोल लावू देऊ नका.

वहिनींचं सूप थांबलं. तुझ्याबद्दल म्हणाल्या, "त्या तं घरमा सांगेत, सुपडूभाऊनी पहिलांदाव सोतानं काही काढं. दोन दिन तेच सांगेत."

मी म्हणालो, "नाही वहिनी. नुसता डाग होता."

त्यांनी विचारलं, "त्यासले सांगं व्हतं का तुम्ही?"

"नाही."

"बरं करं, नही सांगं ते," त्या म्हणाल्या. आणि पुन्हा सूप हातात घेतलं.

मी उठलो. दारापर्यंत आलो तेव्हा मागून विचारलं, घोड्याचा एक कागद तुमच्याकडे राहिला आहे ना? वाटलं, तोही मागणार. मी हो म्हणालो.

वहिनी सुपाकडे बघतच म्हणाल्या, "ऱ्हाऊ द्या तुमनापान. फक्त त्याले सांगू नका, त्या ग्यात म्हनीसन."

तू गेलास हे घोड्याला सांगायचं नाही, असं त्यांचं म्हणणं. घरापर्यंत कसा चालत आलो ते आठवत नाही. रस्ताभर एकच डोक्यात. जनावराला खरं सांगायला पाहिजे म्हणून मी तुला काय काय बोललो, आणि तुला मात्र मी सांगितलं नाही. तू माझ्याबद्दल एक खोटी गोष्ट खरी समजून, आनंदात, गेलास. तुला आज उठवून सांगता आलं असतं तर सांगितलं असतं का? नसतं सांगितलं. भांडण तू जिंकलास, लोटन. पण हे तुला कोण सांगणार?

पुढचं चित्र मला काढता येणार नाही. प्रयत्न केला. पाय खाली आणला तर तो कुणा भलत्याच घोड्याचा पाय दिसतो. माझा हात माझा नाही, तू म्हणायचास तेच. मला येतं ते एकच येतं. म्हणून आज सकाळी कोरा कागद त्याच्यावर ठेवला आणि तेच चित्र गिरवलं. मग दुसरा कागद. दुपारपर्यंत सात झाले. भोवराही गिरवला, केसांच्या वळणासकट. मोबाईलवर फिरवून बघितलं.

माझा हात आता पूर्वीपेक्षा जास्त हलतो. घोडा छान श्वास घेतोय. पाय उचलून, मान तुझ्या घराकडे वळवून उभा आहे. तू शेवटचं चित्र घेऊन येतोयस असं त्याला वाटतंय. मी काही बोललो नाही. उद्या आणखी सात काढीन.